होडी, नग एक

माहितीच्या अधिकाराचा अर्ज साधारण दीडशे शब्दांत बसवावा, असा आपल्याकडे नियम आहे. ज्याने हा नियम केला त्याने मला कुठेतरी बोलताना ऐकले असणार. मी मटार आणायला गेलो तर घरी येऊन हकिकत सांगताना माझे दीडशे शब्द पिशवी घेऊन जिना उतरण्यातच संपतात. तरुणपणी कारखान्याच्या नाटकांत मी राजा झालो, दरोडेखोर झालो, आणि एकदा ऐनवेळी कुणालातरी गोवर निघाला म्हणून नायिकेची आईही झालो. अंगातून ते काही गेलेले नाही.

तरीही एकदा मी तसा अर्ज केला होता. जवळच्या बागेत झाडे किती आहेत, असे एका कार्यालयाला विचारले होते. झाडांचे मला काही पडलेले नव्हते. आपण विचारावे आणि सरकारने उत्तर द्यावे, हा प्रवेश एकदा करून बघायचा होता. उत्तर आले. झाडांची चार पानी यादी, प्रत्येक पानावर गोल शिक्का, खाली झोकदार सही. ती मी प्लास्टिकच्या पाकिटात घालून हॉलमध्ये ठेवली आणि येणाऱ्याजाणाऱ्याला वाचून दाखवली. बहुतेकांना गुलमोहरापर्यंत आल्यावर घरचे काम आठवायचे. पण इमारतीत माझा बोलबाला झाला. यांना कागद काढता येतो, असे लोक म्हणू लागले. त्या कीर्तीपायीच पहिल्या मजल्यावरच्या मावशी एका सकाळी माझ्या दारात उभ्या राहिल्या. एका हातात लिफ्टमधून उपटून आणलेली नोटीस आणि दुसऱ्या हातात कोलंबीची पिशवी.

“कोलंबी आदी घे,” त्या म्हणाल्या. “मंग वाच.”

नोटीस आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरींची होती. पार्किंगमधील लाकडी होडी वार्षिक सर्वसाधारण सभेच्या ठरावानुसार एकवीस दिवसांत हटवावी, अन्यथा ती भंगारात देण्यात येईल.

ही होडी मावशींची. आमची इमारत करावे गावाच्या कडेला आहे, सीवूड्सचे उंच टॉवर जिथे मान खाली घालतात तिथे. आज जिथे खांबांवरचे पार्किंग आहे तिथे पूर्वी मावशींच्या सासऱ्यांचे अंगण होते. पावसाळ्यात खाडीतली होडी वर आणून त्या अंगणात उपडी घालायची पद्धत. शेवटची उपडी घातली ती मावशींच्या नवऱ्याने. पुढची नारळी पौर्णिमा यायच्या आतच तो गेला. मग घर पाडले, इमारत उभी राहिली, बांधकामाच्या वेळी होडी दहा पावले सरकवली आणि काम झाल्यावर दहा पावले परत आणली. तेव्हापासून ती शेवटच्या खांबापाशी पालथी पडून आहे. संध्याकाळी मावशी तिच्यावर बसून जवळा निवडतात. मुले तिच्यावरून घसरतात. मी स्वतः तिच्यावर बसून जग सुधारण्याबद्दल पुष्कळ बोललो आहे.

“मी तिला सुलटी केली नाय कवा,” मावशी म्हणाल्या. “त्यानं घातली तशीच हाय. आनि हे बोलतान भंगार. अरे, पयल्या मिटिंगला मी उभी राहून सांगलेलं, होरी हितंच रेल. त्या टायमाच्या सेक्रेटरीनं लिवून घेतलेलं. मी बगलंय त्याला लिवताना. मना तो कागद पायजे.”

“आत्ताच्या सेक्रेटरींना विचारलंत?”

“इचारलं. बोलतो, वही दाखवता येनार नाय.”

“आणि हा नवा ठराव झाला तेव्हा तुम्ही सभेत नव्हता?”

“रविवारी अकराला मी मासली इकनार की तुमच्या मिटिंगला येनार? तू व्हतास ना मिटिंगला?”

होतो. मी प्रत्येक सभेला असतो. आमच्या सभेत शेवटी बटाटेवडा आणि चहा असतो, आणि त्या वड्याची चटणी जिथून येते त्या दुकानाचा पत्ता सेक्रेटरी कुणाला सांगत नाहीत. पण होडीचे काही ऐकल्याचे मला आठवेना. तसे मी मावशींना सांगितले आणि छातीवर हात ठेवून म्हणालो, “मावशी, कागद तुमच्या हातात ठेवल्याशिवाय हा माणूस स्वस्थ बसणार नाही.”

“बस की उभा राव,” त्या म्हणाल्या, “एकवीस दिसांत आन.”

आता सेक्रेटरींबद्दल. ते एका कंपनीत तीस वर्षे स्टोअरकीपर होते. माणूस सज्जन, पण जगाकडे बघण्याची त्यांची रीत एकच: वस्तू रजिस्टरला आहे का? सोसायटीच्या बादल्या, झाडू, गच्चीच्या किल्ल्या, गणपतीची समई, सगळ्यांवर त्यांनी पांढऱ्या रंगाने नंबर घातले होते. होडी मात्र कुठल्याच रजिस्टरला नव्हती. स्टॉकमध्ये नसलेली एवढी मोठी वस्तू रोज डोळ्यांसमोर दिसत असताना त्यांना जेवण कसे जात असेल, याची मला कल्पना आहे.

मी रात्री जेवणानंतर अर्जाला बसलो. पहिला मसुदा सहाशे शब्दांचा झाला. त्यात समुद्र होता, लोकशाही होती, आणि एके ठिकाणी मी खाडीलाच बोलायला लावले होते. बायकोने चष्मा लावला आणि पेन्सिल घेतली.

“खाडी काढा,” ती म्हणाली.

“अगं, तोच तर गाभा आहे.”

“गाभा इतिवृत्ताच्या वहीचा आहे. ती बघायचीय, एवढंच लिहा. आणि हे ‘अंधाराच्या गर्तेत’ काय आहे? त्यांच्या ऑफिसात ट्यूबलाइट आहे.”

पहाटेपर्यंत नव्हे, पण अकरापर्यंत दीडशे शब्द झाले. सकाळी मी दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावला, इस्त्रीचा सदरा घातला आणि खाली सोसायटीच्या ऑफिसात गेलो. हे ऑफिस म्हणजे पंपाची खोली. अर्ध्या भागात पंप, अर्ध्या भागात सेक्रेटरी. मी अर्ज दोन्ही हातांनी पुढे केला. सेक्रेटरींनी तो वाचला, स्टॅम्प नखाने उचकटतो का ते पाहिले आणि पोचही दिली. तिसऱ्या दिवशी टाइप केलेले उत्तर माझ्या दाराखालून आत सरकले.

आपली संस्था ही सार्वजनिक प्राधिकरण नाही. सरकारने तिला पैसे दिलेले नाहीत, सरकार तिचा कारभार चालवत नाही. केवळ सहकार कायद्याखाली नोंदणी झाली म्हणून संस्थेला माहितीचा अधिकार लागू होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटलेले आहे. सबब अर्ज निकाली काढण्यात येत आहे. ता. क. स्टॅम्प वाया गेल्याबद्दल दिलगीर आहे.

तो ताजा कलम मला लागला. मी तसाच खाली गेलो.

“अर्ज फेटाळलात तर अपील कुणाकडे, ते लिहायला हवं होतं,” मी खर्जात म्हणालो. “कायद्यात आहे ते.”

“जो कायदा आम्हाला लागूच नाही, त्याचं अपील कुठून आणू?”

“म्हणजे तुमच्या वर कुणीच नाही?”

सेक्रेटरींनी पंपाकडे पाहिले, मग माझ्याकडे. “माझ्या वर आमची मिसेस आहे. तिच्याकडे करा अपील.”

हे बोलताना ते हसलेदेखील नाहीत. वस्तुस्थिती सांगावी तसे सांगितले.

मी बेलापूरला सहकारी संस्थांच्या उपनिबंधकांच्या कार्यालयात गेलो. जाताना वाटेत मी भाषणाची तालीम केली. रिक्षावाल्याने एकदा मागे वळून पाहिले. खिडकीपलीकडे तिशीतल्या एक बाई होत्या, समोर फायलींचा ढीग आणि त्यावर डबा. मी खाडीपासून सुरुवात केली. होडीपर्यंत यायच्या आतच त्यांनी हात वर केला.

“काका, मुद्दा सांगा. सोसायटी कागद दाखवत नाही, हेच ना?”

“हेच. आणि म्हणतात माहितीचा अधिकार आम्हाला लागू नाही. हे खरं आहे का?”

“खरं आहे. तुमच्यासारख्या घरांच्या सोसायटीला थेट लागू नाही. पण आमच्या कार्यालयाला लागू आहे. सोसायटीचे जे कागद आमच्याकडे आहेत, किंवा कायद्याने आम्ही त्यांच्याकडून मागवू शकतो, ते तुम्ही आमच्याकडे अर्ज करून मागू शकता.”

माझे डोळे भरून आले. “म्हणजे मागच्या दाराने.”

“दार एकच आहे, काका, आणि त्याला तीस दिवस लागतात.”

होडीचे चौदा राहिले होते. मी कपाळाला हात लावला. बाईंनी डब्याचे झाकण थोडे उघडून आत काय आहे ते बघितले, परत लावले आणि म्हणाल्या, “पण एवढं सगळं कशाला करताय? माहितीचा अधिकार बाहेरच्या माणसाला. तुम्ही आतले. सहकार कायद्यानेच सभासदाला इतिवृत्ताची वही बघता येते. कोऱ्या कागदावर साधा अर्ज द्या. वही दाखवा, एवढंच.”

“स्टॅम्प?”

“नको.”

“दीडशे शब्द?”

“दहा पुरतील. तुम्ही सभासद आहात ना?”

“म्हणजे काय. दारावर पाटी आहे माझ्या नावाची. पितळी.”

“पाटी नाही, काका. शेअर सर्टिफिकेट कुणाच्या नावावर आहे?”

आता इथे मला थोडे थांबावे लागते. घर घेतले तेव्हा माझा कारखाना बंद पडायच्या बेतात होता. कर्ज बायकोच्या नोकरीवर मिळाले, घर तिच्या नावावर झाले. पाटी मी केली. एकोणीस वर्षे मी त्या इमारतीत सभासद म्हणून वावरलो, सभांत बसलो, वडे खाल्ले, आणि सहकार कायद्याच्या दृष्टीने मी एका सभासदाच्या घरी राहायला आलेला माणूस होतो.

“पत्नीच्या,” मी म्हणालो. माझा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेला नाही, असे आयुष्यात पहिल्यांदाच झाले.

“मग त्यांना अर्ज करायला सांगा,” बाई म्हणाल्या आणि डबा उघडला.

घरी येऊन मी हे सांगितले तेव्हा बायको आणि मावशी स्वयंपाकघरात सोडे निवडत होत्या. दोघींनी एकमेकींकडे पाहिले. बायकोने हात धुतले, वाणसामानाच्या यादीचा कागद उलटा केला आणि लिहिले: आम्ही सभासद आहोत. इतिवृत्ताची वही पाहायची आहे. कधी येऊ ते कळवावे. खाली दोघींनी सह्या केल्या. मी म्हटले, निदान ‘नम्र विनंती’ तरी घाला. मावशी म्हणाल्या, “तू चाय ठेव.”

सेक्रेटरींनी त्याच संध्याकाळी बायकोला फोन केला. “कायद्याप्रमाणे मागितलंत, वहिनी. कायद्याप्रमाणे मिळेल. शनिवारी पाच वाजता.”

“मग मावशींनी तोंडी विचारलं तेव्हा का नाही म्हणालात?”

“लेखी नव्हतं,” सेक्रेटरी म्हणाले. माणूस खोटे बोलत नव्हता.

शनिवारी पाच वाजता पंपाच्या खोलीत आम्ही तिघे गेलो. मला पाहुणा म्हणून पंपाच्या बाजूला उभे केले. सेक्रेटरींनी वह्या जेवणाच्या पिशवीतून काढल्या. प्रत्येकीला वर्तमानपत्राचे कव्हर होते. आधी पहिल्या सभेची वही. बायको मोठ्याने वाचू लागली. पाण्याची टाकी, वॉचमन, गेटला रंग. मावशी प्रत्येक वाक्याला मान हलवत होत्या, आता येईल, आता येईल अशा. शेवटची ओळ होती: चहापान होऊन सभा खेळीमेळीच्या वातावरणात संपली.

“फुडं?”

“पुढे काही नाही, मावशी.”

“मी बोलत व्हते तवा तो लिवत व्हता,” मावशी म्हणाल्या. “मी बगलं.”

तो तेव्हाचा सेक्रेटरी चहापानच लिहीत असणार. मावशींनी वही स्वतःकडे ओढली आणि त्या ओळीवर बोट ठेवून बसल्या. इतकी वर्षे त्या ज्या कागदाच्या भरवशावर होत्या, तो कागद कधी झालाच नव्हता. पंप आपला चालू होता.

“बरं,” बायको चष्मा सारखा करत म्हणाली, “आता होडी हटवायचा ठराव दाखवा.”

सेक्रेटरींनी दुसरी वही उघडली आणि स्वतःच वाचली. “आयत्या वेळचे विषय. पार्किंगमधील होडी हटवण्यात यावी. सूचक, सेक्रेटरी.” इथे ते अडखळले. मग त्यांनी पंपाकडे, म्हणजे माझ्याकडे, पाहिले. “अनुमोदक...”

अनुमोदक मी होतो.

माझे संपूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट, निळ्या शाईत. मावशी सावकाश माझ्याकडे वळल्या. मी रंगमंचावर तीनदा मेलो आहे, पण इतक्या मनापासून कधी नाही.

“मी असं काही म्हणालेलो नाही,” मी म्हणालो.

“तुमचा हात वर होता,” सेक्रेटरी म्हणाले.

“कधी?”

“मी विचारलं, अनुमोदन कुणाचं? तुम्ही हात वर केलात. स्पष्ट, खांद्याच्या वर.”

आणि मला आठवले. वड्यांचा ट्रे दुसऱ्यांदा फिरत होता. तो पुढच्या रांगेवरून परत वळण्याच्या बेतात होता. मी हात वर केला होता, खरेच. आणि दोन बोटे दाखवली होती.

“मी वडा मागत होतो.”

“प्रत्येक सभेला तुमचा हात वर असतो,” सेक्रेटरी म्हणाले. “मला वाटायचं, निदान एक माणूस कामकाजात रस घेतो.” त्यांनी मागची पाने उलटली. गच्चीला कुलूप, अनुमोदक मी. कबुतरांना दाणे टाकण्यास मनाई, अनुमोदक मी. जिन्यात सायकली न ठेवणे, अनुमोदक मी. आणि त्या सायकलींत माझीच एक होती, जिच्यासाठी मी नंतर दोन महिने भांडलो होतो. सोसायटीचा निम्मा कायदा मी वड्यांवर केला होता.

“म्हंजी माझी होरी तू वड्यापायी इकलीस,” मावशी म्हणाल्या. “दोन वड्यांपायी.”

बायको मात्र केव्हाची त्या नावाकडे बघत होती, आणि तिने चष्मा काढला. ती चष्मा काढते तेव्हा घरात काहीतरी निकाली निघते.

“सेक्रेटरीसाहेब, अनुमोदन कोण देऊ शकतं?”

“सभासद.”

“हे सभासद आहेत का?”

सेक्रेटरींनी तोंड उघडले. मग मिटले. मग सभासदांचे रजिस्टर काढले, आमच्या घराच्या नंबरावर बोट नेले आणि ते बोट तिथेच राहिले. तीस वर्षांत त्यांच्या स्टोअरमधून एक खिळा विनानोंद गेला नव्हता, आणि इथे एक अख्खा माणूस एकोणीस वर्षे विनानोंद हात वर करत होता. त्यांचा चेहरा पाहून मला माझा अपमान विसरायला झाला. मला त्यांची दया आली.

“नोटीस स्थगित करतो,” ते क्षीणपणे म्हणाले. “विशेष सभा बोलावतो. बाकीच्या ठरावांचं... ते मी बघतो.”

“माझी सायकल?” मी विचारले.

“अहो, गप्प बसा,” बायको म्हणाली.

विशेष सभा मावशींसाठी मुद्दाम बुधवारी संध्याकाळी ठेवली, नेहमीप्रमाणे पार्किंगमध्ये. सेक्रेटरींनी खडूने जमिनीवर रेघ ओढली होती. सभासद रेघेच्या आत. मी रेघेबाहेर, म्हणजे बरोबर होडीवर. आयुष्यात प्रथमच मी प्रेक्षक होतो आणि जागा उत्तम होती. खबरदारी म्हणून दोन्ही हात मांड्यांखाली दाबून बसलो.

सेक्रेटरींनी होडी हटवण्याची बाजू मांडली. जागा सामाईक आहे, वस्तूची नोंद नाही, लाकूड जुने आहे. मग मावशी उठल्या.

“मना भाषन येत नाय,” त्या म्हणाल्या. “पयल्या मिटिंगला मी सांगलं, ते कुनी लिवलं नाय. आज लिवा. ही होरी माझे नवऱ्यानं हितं ठेवली. मी जित्ती हाय तवर ती हितंच रेल. ज्याला ती भंगार वाटते त्यानं आता उठावा, आनि उचलून बाहेर न्यावी. मी अडवनार नाय.”

कुणी उठले नाही. एक तर तिच्यावर मी बसलो होतो.

बायको उभी राहिली आणि तिने ठराव मांडला, होडी आहे तिथेच राहावी. सेक्रेटरींनी लिहून घेतले. “अनुमोदन?”

आणि अख्खी सभा दगडासारखी बसली. माझी गोष्ट तोवर पाचही मजल्यांवर पोचली होती. हात वर केला की वहीत नाव जाते आणि पुढे काय होईल सांगता येत नाही, याची सगळ्यांनी धास्ती घेतली होती. एकाने नाक खाजवायला उचललेला हात अर्ध्यातून खाली नेला. मावशी उभ्याच होत्या. त्या एकेकाच्या तोंडाकडे बघत होत्या आणि माणसे चपलांकडे बघत होती. मांड्यांखाली माझे हात आपोआप उचलले जात होते. मी ते बळाने दाबून धरले. कधी नव्हे तो आज खरोखर हात वर करावासा वाटत होता, आणि आज तो चालणार नव्हता.

“मी देते,” मागून आवाज आला.

सेक्रेटरींच्या पत्नी. त्या सभेत कधी बोलत नाहीत. चहाचे कप मोजून घेतात आणि वर जातात. त्यांचा हात खांद्याच्या वर, स्पष्ट होता.

“तू?” सेक्रेटरी म्हणाले.

“घर दोघांच्या नावावर आहे ना? बघा रजिस्टरला.”

बघायची गरज नव्हती. ते त्यांनीच लिहिले होते. एका घराचे मत एक, आणि ते त्यांच्या पत्नीने वापरले होते. सेक्रेटरींनी हळूच माझ्याकडे पाहिले. अपील कुठे करायचे ते त्यांनीच मला सांगितले होते. मी केले नव्हते, पण ते मंजूर झाले. त्यानंतर हात भराभर वर गेले.

मावशींनी सेक्रेटरींना ठराव लिहायला लावला आणि मोठ्याने वाचून घेतला. मग म्हणाल्या, “परत वाच.” ते परत वाचले. तेव्हा कुठे त्या बसल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी सेक्रेटरी पांढऱ्या रंगाचा डबा घेऊन होडीपाशी ओणवे झाले होते. होडीच्या कडेला त्यांनी छोटासा, सुबक नंबर घातला आणि रजिस्टरमध्ये लिहिले: लाकडी होडी, नग एक, स्थिती उपडी. त्यांच्या चेहऱ्यावर खूप दिवसांनी शांतता होती. त्या दिवसापासून होडीवर कुणी ओली पिशवी ठेवली तरी ते खिडकीतून ओरडतात.

माझा निकाल मावशींनी वेगळा लावला. नारळी पौर्णिमेच्या आधीच्या रविवारी त्यांनी डांबराचा डबा आणि ब्रश माझ्यासमोर ठेवला.

“हात वर करावची लय हौस हाय ना,” त्या म्हणाल्या. “आता खाली कर. ह्या बाजूनं सुरू.”

मी कोपरापर्यंत काळा झालो. मावशी खुर्ची टाकून समोर बसल्या आणि राहिलेल्या जागा बोटाने दाखवत राहिल्या. सेक्रेटरींच्या नंबराला मात्र डांबर लागू दिले नाही. नोंद हाय ती, म्हणाल्या. थोड्या वेळाने वरून बायकोने विचारले, “वडे तळतेय. कुणाला हवेत?”

माझा हात निघाला होता. मावशींनी नुसते पाहिले. मी ब्रश डब्यात बुडवला आणि तोंडाने सांगितले, “दोन.”